‘ओला चाकू’वाले तात्या

लग्नानंतर काढलेला आमचा पहिला फोटो माझ्याकडे आहे. त्यात हे खुर्चीत ताठ बसलेत आणि मी शेजारी उभी आहे, कपाळाला आठी घालून. नव्या नवरीचा असा फोटो मी दुसऱ्या कुणाच्या घरी पाहिलेला नाही. तो खंडूतात्यांनी काढला होता.

सोनपेठला मी सून म्हणून आले तेव्हा निजामाचं राज्य होतं. हे तिथल्या सरकारी शाळेत मास्तर होते. शिकवणं उर्दूतून, घरात बोलणं मराठीतून आणि बाजारात दोन्हीची खिचडी. आमच्या घराला लागूनच तात्यांचं फोटोचं दुकान होतं. पुढं दुकान, मागं राहायची खोली. फोटोच्या दिवशी त्यांनी यांना अंगणात खुर्चीत बसवलं, मला शेजारी उभं केलं, कॅमेऱ्याच्या काळ्या कापडात डोकं घातलं आणि बाहेर काढलं. परत घातलं, परत काढलं. फोटो काही निघेना. ऊन चढलं. नव्या लुगड्याचा काठ मानेला टोचत होता. शेवटी मी यांच्याकडं वळून पुटपुटले, “यांना येतं का तरी?” आणि पुन्हा समोर बघते तोवर फोटो निघाला.

“झालं,” तात्या म्हणाले. “वहिनी, मघापासून तुमी सुनेचा चेहरा लावून हुता. आता तुमचा आला.”

मी घरी येऊन यांच्याशी भांडले. तेव्हा हसत हसत यांनी सांगितलं, की हा माणूस मुंबईला सिनेमाचा डायरेक्टर होता.

माझा विश्वास बसला नाही. डायरेक्टर म्हणजे कुणी सुटाबुटातला असेल असं मला वाटे. तात्या उंच, काटकुळे. अंगात बंडी, खाली धोतर आणि थंडीत खांद्यावर घोंगडी. राणीसावरगावच्या एका धनगराचा हा पोरगा. मिसरूड फुटायच्या आधी घोंगड्या विकणाऱ्यांच्या मागोमाग निघाला तो थेट कोल्हापुराला पोचला. तिथं एका सिनेमा कंपनीत चकाकते पत्रे धरायच्या कामाला लागला. उन्हाचा कवडसा पत्र्यावर घ्यायचा आणि नटीच्या तोंडावर पाडायचा, एवढंच काम. “सीतेच्या डोळ्यात पानी येईना की मालक मला म्हनायचे, खंड्या, उजेड वाढीव,” असं तात्या सांगत. पुढं मुंबई झाली. मुके सिनेमे बोलायला लागले त्या सुमारास तिथल्या एका लहानशा कंपनीत ते डायरेक्टर झाले.

पण कसले डायरेक्टर? ते दिवस देवांच्या आणि राजांच्या सिनेमांचे. तात्यांच्या सिनेमात मात्र खिसेकापू, दारुडे, फौजदाराला भिणारे साक्षीदार आणि फाशी देणाऱ्याची बायको. देवाच्या सिनेमातून उरलेल्या फिल्मच्या तुकड्यांवर ते आपला सिनेमा घेत. राजवाड्याची मागची बाजू, जिथं नुसत्या बांबूंना गोणपाट ठोकलेलं असे, ती त्यांची गल्ली व्हायची. ‘खडीफोड’, ‘तिसरा साक्षीदार’, ‘ओला चाकू’ ही त्यांच्या सिनेमांची नावं. मालक म्हणाला, गाणं पाहिजेच, गाण्याशिवाय बोलपट कसला? तर तात्यांनी ते गाणं एका दारुड्याच्या तोंडी घातलं आणि त्याला मधेच शब्द विसरायला लावले. मालकानं आठवडाभर बोलणं टाकलं होतं म्हणे.

हे सिनेमे फार कुणी पाहिले नाहीत. ज्यांनी पाहिले त्यांना डायरेक्टरचं नाव ठाऊक नव्हतं. मग एक दिवस कंपनीच्या गोदामाला आग लागली. तेव्हाच्या फिल्मा रॉकेलसारख्या पेटत. तात्यांनी केलेलं सगळं तासाभरात गेलं. कंपनी बुडाली आणि तात्या कॅमेरा घेऊन इकडं आले. त्याबद्दल कुणी हळहळलं तर ते एवढंच म्हणत, “जळालं,” आणि दुसरं काही बोलू लागत.

माझं त्यांच्याशी जमायला वेळ लागला नाही. दुपारी मी ओसरीवर ज्वारी निवडायला बसले की ते दुकानाच्या पायरीवर येऊन बसत आणि सिनेमा सांगत. असा सांगत की बाजूच्या शिंप्याचं मशीन थांबायचं. कंदील कुठं होता, दाराची कडी कशी वाजली, बाईनं पदर कुठल्या हातानं सावरला, सगळं. फक्त खून सांगत नसत. शिंप्याला तेच हवं असे. “तात्या, मारलं कसं ते सांगा की,” तो म्हणे.

“खून काय दाखवायचा?” तात्या म्हणत. “चाकू काय, कुनाच्याबी घरात हाय. खून करून मानूस घरी यून जेवतो कसा, ते दाखवायचं.”

बोलताना ते समोरच्याच्या तोंडाकडं फारसं पाहत नसत, हाताकडं पाहत. त्यामुळं बायका त्यांना जरा बिचकून असत. पण त्यांच्या या पाहण्यात वाईट काही नव्हतं, हे मला एका बाजाराच्या दिवशी कळलं.

त्या दिवशी बाजारात एकाला बकरी चोरताना धरलं होतं. चांगला धडधाकट गडी होता. लोकांनी त्याला खांबाला बांधला आणि जो येईल तो हात साफ करून घ्यायला लागला. तात्या गर्दीत शिरले. मी पलीकडं बांगड्या भरत होते, तिथून सगळं दिसत होतं. मला वाटलं, आता तात्या लोकांवर ओरडणार. ते चोरासमोर उकिडवे बसले आणि अगदी कौतुकानं म्हणाले, “गड्या, एवढ्या बाजारात बकरी वरडली कशी न्हाई?”

चोर सुजल्या डोळ्यानं बघत राहिला.

“सोडा रं याला,” तात्या लोकांना म्हणाले. “पळून कुठं जातोय? आपुन समदे हाव की. मला बघू द्या, ह्यानं केलं कसं.”

दोर सुटला. चोरानं कनवटीचा मिठाचा खडा काढला, तो बकरीला चाटायला दिला, एक हात तिच्या कानाखाली धरला आणि चार पावलं तिला अशी घेऊन गेला, जशी काही ती त्याचीच. बकरीचा मालकसुद्धा मान डोलवायला लागला. “परत कर,” तात्या म्हणाले. त्यानं परत केलं. कुणी म्हणालं, आरं, मलाबी दाखीव. मघाशी ज्यांनी त्याला मारलं होतं ते आता दाटीवाटीनं शिकायला उभे होते. कुणाच्या तरी हसण्यात राग विरून गेला. तात्यांनी त्याला आपल्या धाकट्या भावाकडं मेंढरं राखायला लावून दिलं. तिथं तो टिकला. “बकरीला ज्याच्या हाताची भीती वाटत न्हाई,” तात्या म्हणाले, “त्याला चोरी कशापायी करावी लागती, ते कुनी इचारतंय का?”

तात्या भावाकडं माणूस पाठवत, घोंगडीसाठी लोकर मागवत, पण स्वतः राणीसावरगावला जात नसत. आई तिथंच, धाकट्याकडं. आईला भेटायचं झालं तर तिला गंगाखेडच्या बाजाराला बोलावून घेत. मला हे चमत्कारिक वाटे. एकदा मी यांना विचारलं, तेव्हा यांनी दाराकडं बघून हळू आवाजात सांगितलं.

तात्या लहान असताना त्यांच्या वडिलांनी, धोंडीबांनी, गावाशेजारच्या एका वावरात मेंढरं बसवली होती. खतासाठी बसवतात तशी. लगतच्या खळ्यावर ज्वारीची रास होती. सकाळी खळ्याचा राखणदार मरून पडलेला सापडला. खळ्यावरचा नसलेला जवळ एकच माणूस, हा धनगर. पोलिसांचा अमीन आला, धोंडीबांना घेऊन गेला आणि काही दिवसांनी त्यांचा कबुलीवर अंगठा घेतला. कसा घेतला ते कुणी विचारलं नाही. धोंडीबा कैदेत खडी फोडता फोडता वारले. गावात तात्या खुन्याचा पोरगा झाले. पाणवठ्यावर पोरं त्यांच्यासाठी वाट सोडून उभी राहत, म्हणून एक दिवस ते गावच सोडून गेले.

“त्यांना वाटतं का, वडिलांनी केला असेल?” मी विचारलं.

“तेच तर त्यांना ठाऊक नाही,” हे म्हणाले.

तेव्हा मला ते सगळे सिनेमे निराळेच वाटायला लागले.

त्यानंतर वर्षा-दोन वर्षांनी खबर आली, की परभणीच्या थिएटरात ‘ओला चाकू’ लागलाय. आगीच्या वेळी त्याची एक प्रत बाहेरगावी गेलेली होती, ती मोगलाईतल्या गावागावांतून हिंडत होती. तात्यांना हे ठाऊकच नव्हतं. आम्ही तिघं गाडीनं गंगाखेडला गेलो आणि तिथून आगगाडीनं परभणीला.

संध्याकाळचा खेळ होता. बायकांची जागा कनातीमागं, पण पडदा चांगला दिसत होता. फिल्म इतकी झिजलेली की सगळ्या सिनेमाभर पाऊस पडतोय असं वाटे. डायरेक्टरच्या नावाची पाटी तुटून गेली होती. तरी मी श्वास रोखून बघत होते. एक माणूस खून करून घरी येतो, चाकू धुतो, भिंतीला अडकवतो. खाली बायको ताट वाढते आणि चाकूचं पाणी टिपटिप तिच्या पाठीशी गळत राहतं. तो जेवतो. बाकी काही नाही. माझ्या शेजारची बाई पदर तोंडात धरून बसली होती. मग त्या खुनापायी भलत्याच माणसाला धरतात. त्याचा लहान मुलगा रोज त्या खऱ्या खुन्याच्या दारासमोर येऊन बसायला लागतो. बोलत काही नाही, नुसता बसतो. आता काय होणार म्हणून सगळे पुढं सरकले, तोच पडद्यावर एकदम कमळातून देव प्रकट झाले आणि आशीर्वाद देऊ लागले.

शेवटचं रीळ हरवलं होतं. थिएटरवाल्या शेठजींनी त्यांच्याजवळचं दुसऱ्याच कुठल्या सिनेमाचं रीळ जोडून दिलं होतं. अर्ध्या लोकांनी सवयीनं हात जोडले. बाकीचे ओरडायला लागले, पैसे परत मागायला लागले. दिवे लागले. शेठजी घाबरून पुढं आले. तेवढ्यात आमचे हे पुरुषांच्या बाजूनं उठून म्हणाले, “अहो, ज्यांनी सिनेमा केला ते इथं बसलेत. त्यांनाच विचारा.”

तात्यांना लोकांनी धरून पडद्यापुढं उभं केलं. ते कधी असे उभे राहिलेच नव्हते. दिव्याच्या उजेडात घाम पुसत राहिले.

“शेवट काय हाय?” कुणीतरी विचारलं. “खरा सापडतो का?”

“सिनेमात सापडतो,” तात्या म्हणाले. “मालकाचा हट्ट हुता. त्या पोराला बघून त्याचं काळीज फाटतं आन त्यो सोताहून कबूल हुतो.” ते थांबले. “पर ते खोटं हाय. म्या रचलेलं. मी रानीसावरगावच्या धोंडीबा धनगराचा पोरगा. माझा बाप कैदेत मेला. त्यानं केलं का न्हाई, मला आजून ठावं न्हाई. कुन्या दारात बसावं, तेच सापडलं न्हाई.”

पैसे परत मागणारेही गुपचूप उठून बाहेर पडले. परतीच्या वाटेवर तात्या आगगाडीत पडल्या पडल्या झोपले. इतके गाढ, की गंगाखेडला हलवून उठवावं लागलं.

त्या उन्हाळ्यात एका दुपारी मी माहेरी पाठवायचा फोटो आणायला दुकानात गेले होते. तेव्हा एक म्हातारा आला. स्वच्छ धोतर, पागोटं, हातात काठी. त्यानं नाव लिंबाजी सांगितलं. तात्यांना वाटलं, फोटोचं गिऱ्हाईक. त्यांनी त्याला खुर्चीत बसवलं, कॅमेरा नीट केला आणि काळ्या कापडात डोकं घातलं. म्हातारा समोर बघत बसला. तात्या नेहमीसारखे थांबून राहिले, त्याचा खरा चेहरा यायची वाट बघत.

तेव्हा म्हातारा म्हणाला, “खंडू, तुज्या बापानं न्हाई केला त्यो. म्या केला.”

कापड हललं नाही. मी दारापाशी उभी होते.

म्हातारा बोलत राहिला. तोही त्याच खळ्यावर राखणीला होता. राशीतली ज्वारी तो चोरून नेत असे. दुसऱ्यानं ते पाहिलं आणि सकाळी मालकाला सांगतो म्हणाला. झटापट झाली. “माराया न्हवतं मारलं,” तो म्हणाला, “पर मेला. मग अमीन आला. तुज्या बापाला नेला आन म्या गप ऱ्हायलो. परभनीहून कुनीतरी सांगत आलं, तू असं असं म्हनलास. तवापासून मला भाकर जाईना.”

तात्या कापडाबाहेर आले तेव्हा त्यांचे केस कपाळाला चिकटले होते. ते त्याच्यासमोर उकिडवे बसले आणि त्याचे हात पाहू लागले.

“त्या दिशी घरी जाऊन जेवलास का?” त्यांनी विचारलं.

“जेवलो,” म्हातारा म्हणाला. “बायकूनं अंबाडीची भाजी केल्ती. पोटभर जेवलो. रडू दुसऱ्या दिशी आलं.”

तात्या उठले. मग माझ्याकडं न बघता म्हणाले, “वहिनी, मास्तरांना बोलवा.”

हे आले. सगळं ऐकून म्हणाले की कचेरीत जाऊ, जबाब लिहून घेऊ, धोंडीबांचं नाव स्वच्छ होईल. म्हातारा नातींच्या लग्नाचं बोलून हात जोडायला लागला. तात्यांनी दोघांनाही थांबवलं.

“कचेरीचा कागद घिऊन मी काय करू?” ते म्हणाले. “माझा बाप कागदावरच मेला. लिंबाजी, तू माझ्या मायपुढं चल. तिला सांग. मग तू तुज्या घरी जा.”

म्हातारा आधी नाही म्हणाला. उठून दारापर्यंत गेला आणि उन्हात उभा राहिला. तात्यांनी त्याला अडवलं नाही, हाकही मारली नाही. मग तोच परत आला.

दुसऱ्या दिवशी तात्या, लिंबाजी आणि आमचे हे, असे गाडीनं राणीसावरगावला गेले. पुढचं मी यांच्याकडून ऐकलं. आई अंगणात लोकर पिंजत बसली होती. तिला कमी ऐकू यायचं. लिंबाजी तिच्यापुढं बसला आणि खाली मान घालून बोलला. ती म्हणाली, “मोठ्यानं सांग.” त्यानं परत सांगितलं. ती म्हणाली, “तोंड वर करून सांग.” त्यानं तोंड वर करून सांगितलं. मग ती उठली, दारात गेली आणि शेजारच्या बायकांना नावानं हाका मारल्या. बायका आल्या, मागोमाग पुरुष आले. ती लिंबाजीला म्हणाली, “आता ह्यान्ला सांग.”

त्यानं सांगितलं. कुणी त्याच्या अंगावर गेलं नाही. गावातली म्हातारी माणसं खाली बघत उभी होती. सगळं झाल्यावर ती एवढंच म्हणाली, “मला ठावंच हुतं. तुमाला न्हवतं,” आणि घरात जाऊन तिनं कपाळाला हळद लावली. नवरा मेल्यापासून तिनं ती लावली नव्हती. बायकांत कुजबुज झाली, पण तिला कुणी आडवं आलं नाही.

लिंबाजी पुढं वर्षभरात गेला. निजामाचं राज्य जायला आलं होतं; त्या धामधुमीच्या दिवसांत जुना खून उकरून काढायला कुणाला सवड नव्हती.

तात्यांनी सोनपेठचं दुकान बंद केलं आणि आईकडं गावी राहायला जायचं ठरवलं. कॅमेरा शिंप्याच्या भावाला दिला. निघायच्या आदल्या दिवशी शिंपी म्हणाला, तात्या, जाता जाता एक सिनेमा सांगा. ते पायरीवर बसले, सुरुवातही केली. गल्लीतला कंदील सांगितला, दार सांगितलं. मग थांबले. “पुढचं आता मला आठवंना,” ते म्हणाले, आणि खरंच नवल वाटल्यासारखे आमच्याकडं पाहत राहिले. मला त्या क्षणी आनंद व्हावा की वाईट वाटावं, ते कळलं नाही. आमच्या गल्लीतली दुपार त्यानंतर नुसती दुपार राहिली.

पुढं निजामाचं राज्य गेलं. काही महिन्यांनी यांची बदली परभणीला झाली आणि आम्ही सामान घेऊन निघालो. गंगाखेडला गोदावरीपाशी आलो. आमच्याकडं तिला गंगाच म्हणतात. थंडीचे दिवस होते, पाणी उतरलेलं. काठावर मेंढरांचा मोठा कळप पलीकडं जायला उभा होता आणि कळपाच्या मागं तात्या होते. पाठीवर त्यांची आई होती, लहान पोरासारखी गळ्यात हात टाकून बसलेली.

मला बघून ते गाडीपाशी आले. अंगाला लोकरीचा वास येत होता. दाढी वाढली होती, पण चेहरा भरला होता.

“माय, ह्या मास्तरीणबाई,” त्यांनी मोठ्यानं सांगितलं. “ह्यान्नी माझा सिनेमा बघितलाय.”

म्हातारीनं त्यांच्या खांद्यावरून वाकून मला निरखलं. “ह्यो कुठं दिसतो त्यात?” तिनं विचारलं.

मी तात्यांकडं पाहिलं.

“मी दिसत न्हाई, माय,” ते म्हणाले. “मी मागं असतो. दुसऱ्यान्ला दाखवतो.”

“मग काय बघायचं त्यात,” म्हातारी म्हणाली.

तात्या मोठ्यानं हसले. त्यांना असं हसताना मी कधी पाहिलं नव्हतं. त्यांनी आईला पाठीवर जरा वर सारलं, पुढच्या मेंढीला हाकारा दिला आणि पाण्यात पाय टाकला.